कानिफच्या कादंबरीची प्रस्तावना

शेवगावच्या एसटी स्टँडसमोर, रसवंतीला लागून, कानिफनाथ गर्जेचं मोबाईल दुरुस्तीचं दुकान आहे. माझ्या घरापासून चालत सात मिनिटं. तरी गेली पंधरा वर्षं माझा मोबाईल बिघडला की मी नगरला जायचो. दोन तास एसटीत धक्के खात जायचं, काच बदलून घ्यायची आणि दोन तास परत. माझी बायको पुष्पावती दर वेळी विचारायची, "अहो, स्टँडसमोर कानिफ आहे ना? तुमचाच विद्यार्थी." मी म्हणायचो, नगरला ओरिजिनल पार्ट मिळतात. नगरचं अहिल्यानगर झालं तरी माझं हे कारण बदललं नाही.

खरं कारण असं, की त्या माणसासमोर उभं राहायची मला लाज वाटत होती. आता मी बहात्तर वर्षांचा आहे आणि ही लाज कुठंतरी उतरवून ठेवायची आहे. पण त्यासाठी आधी कानिफ कोण ते सांगितलं पाहिजे. गावात तो मोबाईलवाला आहे. गावाबाहेर कॉलेजातल्या हजारो पोरापोरींना तो परग्रहांवरच्या, उडत्या वस्त्यांच्या, बोलणाऱ्या दगडांच्या कादंबऱ्या लिहिणारा लेखक म्हणून माहीत आहे. ही दोन माणसं एकच, हे आमच्या गावात फार कुणाच्या गावीही नाही.

कानिफचा जन्म दाखल्यावर पाथर्डीच्या पूर्वेकडच्या डोंगरातल्या एका वस्तीवरचा आहे. प्रत्यक्षात तो जन्मला श्रीरामपूरकडं, उसाच्या फडाशेजारी, पाचटाच्या कोपीत, म्हणजे झोपडीत. दसरा झाला की त्यांची वस्ती रिकामी व्हायची. कोयते, भांडी, कोंबड्या आणि पोरं टायरगाडीत घालून सगळे ऊसतोडीला निघायचे आणि उन्हाळा लागला की परत यायचे. बाप, सहादेव, पोर पाच वर्षांचं असतानाच गेला. आई चांगुणाबाई भावाच्या जोडीनं तोडीला जात राहिली. मोळी बांधण्यात तिचा हात धरणारं टोळीत कुणी नव्हतं, असं तिची माणसं अजून सांगतात.

पहाटे भरलेली गाडी कारखान्याकडं निघाली की हे पोर उसावर उताणं पडून आभाळ बघायचं. एकदा त्यानं आईला विचारलं, "आई, चंद्रावर ऊस असतो का गं?" चांगुणाबाई म्हणाली, "नसंल बाबा. म्हनून तर त्यो एवढा निवांत दिसतो." ही गोष्ट मला कानिफनं सांगितली ती अलीकडं, गेल्या दिवाळीनंतर. मी त्याला तीन वर्षं शिकवलं, पण तेव्हा मला असं काही विचारायचं सुचलं नव्हतं.

शाळा त्याला तुकड्यातुकड्यांनी मिळाली. अर्धं वर्ष वस्तीवर, अर्धं वर्ष फडात, मग पाचवीपासून आश्रमशाळेत. दोन हजार तीनला तो आमच्या कॉलेजात आला, बी. ए.ला मराठी विषय घेऊन. तिसऱ्या बाकावर बसायचा. सडपातळ, काळा, मान जरा तिरकी करून ऐकणारा. एकदा मी कादंबरीतल्या वातावरणनिर्मितीवर बोलत होतो, तर त्यानं हात वर केला.

"सर, कादंबरीत पृथ्वी असायलाच पाहिजे का?"

वर्ग हसला. मीही संधी सोडली नाही. म्हणालो, "गर्जे, आधी पाय जमिनीवर ठेवा. चंद्रावर नंतर जाऊ." वर्ग आणखी हसला आणि मला वाटलं, आज तास छान झाला. कानिफनं मान खाली घातली आणि वहीत काहीतरी लिहिलं. पुन्हा त्यानं माझ्या तासाला कधी प्रश्न विचारला नाही.

आता माझ्याबद्दल. मी प्रा. भाऊसाहेब कातोरे. तालुक्यात कुणाचंही पुस्तक निघायचं तर प्रस्तावना माझीच, असा एक काळ होता. कवितासंग्रह, आत्मचरित्रं, गावाचा इतिहास, सेवानिवृत्त ग्रामसेवकाच्या आठवणी, सगळ्यांना माझी प्रस्तावना. एकशे बारा लिहिल्या. लग्नसराईत भटजींची जशी धावपळ होते तशी डिसेंबर-जानेवारीत माझी व्हायची. लेखक यायचा, हस्तलिखित ठेवायचा, पुष्पावती चहा करायची. मी त्याला दहा मिनिटं बोलतं करायचो. गाव कुठलं, घरचं काय, वडील काय करायचे, शिक्षण कसं झालं. तेवढ्यावर एका दुपारी प्रस्तावना तयार. हस्तलिखित चाळायचो कधीकधी. बहुतेकदा तेही नाही. लोक गहिवरायचे, शाल द्यायचे. कुणाच्याही लक्षात यायचं नाही, कारण शेतकऱ्याच्या मुलानं शेतीवर लिहिलेलं असायचं, शिक्षकानं शाळेवर आणि विधवेनं दुःखावर. मी असंच धरून चाललो होतो की माणूस ज्या घरात जन्मला त्यापलीकडं काही लिहिणार नाही. हे आज लिहितानाही कान तापतात.

दोन हजार नऊच्या जानेवारीत कानिफ आला. तेव्हा त्यानं स्टँडसमोर नुकतीच टपरी टाकली होती. बगलेत एक गठ्ठा होता. सायन्सच्या पोरांनी टाकून दिलेली प्रॅक्टिकलची जर्नलं त्यानं जमवली होती, आणि एका अंगाला रेघा, दुसऱ्या अंगाला कोरं, अशा त्या पानांवर पाच वर्षं कादंबरी लिहिली होती. कोऱ्या बाजूला चित्रं होती, असं नंतर कळलं. गठ्ठा जुन्या लुगड्याच्या काठाच्या पट्टीनं बांधलेला होता. हिरवा काठ, घट्ट पीळ दिलेला, टोक आत खोचलेलं.

"आईनं बांधून दिलंय," तो हसून म्हणाला. "म्हनली, सरांकडं न्यायचं तर नीट ने."

मी नेहमीसारखं विचारलं. गाव, आई, बाप, ऊसतोड. ऊसतोड म्हटल्यावर माझं काम झालंच होतं. नाव काय कादंबरीचं, तर 'तिसऱ्या चंद्राची माणसं'. मी म्हणालो, वा, प्रतीक छान आहे. तो काहीतरी सांगायला तोंड उघडत होता, तेवढ्यात माझा फोन वाजला.

महिनाभर गठ्ठा माझ्या टेबलाखाली पडून होता. एका रविवारी जेवण झाल्यावर मी प्रस्तावना लिहिली. त्यातली काही वाक्यं मला पाठ आहेत, कारण पुढं ती दुसऱ्यांनी पाठ केली:

"तिसरा चंद्र हे उपेक्षितांच्या आभाळाचे प्रतीक आहे. ज्यांच्या वाट्याला पहिला चंद्रही आला नाही, त्यांच्या कोयत्याच्या पात्यावर हा तिसरा चंद्र उगवतो. उसाच्या फडातील घामाचा दर्प या कादंबरीच्या पानापानाला येतो. श्री. गर्जे यांचे पाय मातीत घट्ट रोवलेले आहेत."

कानिफ गठ्ठा न्यायला आला. मी तो तसाच काढून दिला आणि वर प्रस्तावनेचे चार कागद ठेवले. त्यानं ते उभ्याउभ्या वाचले. काही बोलला नाही. मला वाटलं, भरून आलंय. वाकून पाया पडला आणि गेला.

पुस्तक त्यानं पदरमोड करून नगरच्या एका छापखान्यातून काढलं. प्रकाशन पंचायत समितीच्या सभागृहात झालं आणि मी ऊसतोड कामगारांच्या व्यथांवर पाऊण तास बोललो. पुस्तकावर एक शब्द नाही. कानिफ व्यासपीठावर खाली मान घालून बसला होता. कार्यक्रम संपल्यावर एक बाई गर्दीतून पुढं आली. हिरवं लुगडं, कपाळावर ठसठशीत गोंदण. चांगुणाबाई. ती माझ्याकडं कौतुकानं बघत होती.

"सर, तुमी बी तोडीला गेल्ता म्हनं लहानपनी?"

आता हे तिला कुणी सांगितलं असेल, हा विचार मी केलाच नाही. आजूबाजूला चार माणसं होती, टाळीचं वाक्य समोर दिसत होतं. मी हात जोडून म्हणालो, "मावशी, मनानं तर मी कायम तुमच्याबरोबर फडातच होतो."

टाळ्या पडल्या. चांगुणाबाईनं माझे जोडलेले हात हातात घेतले, उलटेपालटे करून बघितले. "लई मऊ ऱ्हायले हात तुमचे," ती म्हणाली आणि हसली. सगळेच हसले. कानिफ मात्र हसला नाही, एवढं मला आठवतं.

दोनेक महिन्यांनी राहुरीचे एक प्राध्यापकमित्र फोनवर म्हणाले, "कातोरे, तुमच्या त्या गर्जेचं पुस्तक वाचलं. अहो, ते चंद्रावरचं आहे! खरोखरच्या! कुठल्यातरी ग्रहाला तीन चंद्र आहेत आणि तिसऱ्यावर माणसं राहतात. ऊस कुठंय त्यात?" मी म्हणालो, "रूपक असतं हो." फोन ठेवला. कपाटातून पुस्तक काढलं, मधलंच एक पान उघडलं. दोन ओळी वाचल्या. एक म्हातारी बाई एका तरंगत्या घराला दोरी लावून खाली ओढत होती. मी पुस्तक मिटलं आणि कपाटाच्या मागच्या रांगेत, दिवाळी अंकांच्या मागं सारून दिलं.

त्याच दिवशी मी टपरीवर जायला हवं होतं. जाऊन एवढंच म्हणायचं होतं की कानिफ, मी तुझी वही वाचली नव्हती, माफ कर. मी गेलो नाही. उद्या जाऊ म्हणालो. मग त्या बाजूच्या फुटपाथवरून जाणं सोडलं. मग नगरचे ओरिजिनल पार्ट सुरू झाले.

पुस्तकाचं काय झालं ते मला कडेकडेनं कळत होतं. ग्रामीण साहित्याच्या एका पुरस्काराला गेलं, परीक्षक म्हणाले ह्यात गाव कुठंय. विज्ञानकथा छापणाऱ्या एका मासिकाकडं गेलं, तिथं प्रस्तावना वाचून बाजूला ठेवलं, ऊसतोडीचं आपलं क्षेत्र नाही म्हणाले. एका दैनिकाच्या पुरवणीत परीक्षण आलं, "दाहक वास्तव" असा मथळा होता. परीक्षण लिहिणाऱ्यानं निदान माझी प्रस्तावना तरी वाचली होती. बाकीच्या प्रती कानिफच्या खाटेखाली गेल्या. नऊ वर्षं त्यानं काही लिहिलं नाही. लग्न झालं, ज्योती नावाची शहाणी बायको मिळाली, टपरीचं दुकान झालं. मी निवृत्त झालो, आणि प्रस्तावना लिहिणंही हळूहळू सोडून दिलं. कुणी विचारलं तर डोळ्यांचं कारण सांगायचो.

दोन हजार अठराला ज्योतीनं त्याला एक मोबाईल अॅप दाखवलं, ज्यावर लोक कथा-कादंबऱ्या प्रकरणाप्रकरणानं टाकतात. जुनी कादंबरी टाकून तर बघा, म्हणाली. त्यानं टाकली, रोज एक प्रकरण, गिऱ्हाईक नसेल तेव्हा टाईप करून. सुरुवातीला अकरा वाचक होते. पावसाळ्यात हजार झाले, लॉकडाऊनमध्ये मोजायच्या पलीकडं गेले. मग त्यानं दुसरी लिहिली, मग तिसरी. घाटाखालच्या एका जत्रेत दर बारा वर्षांनी वर जाणारा एक जिना उगवतो आणि तो आभाळातल्या बाजाराला जातो, अशी ती तिसरी. हे सगळं मला काहीच माहीत नव्हतं.

मला कळलं माझ्या नातीमुळं. वृषाली पुण्याला हॉस्टेलवर राहून इंजिनिअरिंग करते. गेल्या दिवाळीत आली ती गप्प गप्प. भाऊबीजेच्या दुसऱ्या दिवशी दुपारी माझ्या खोलीत आली आणि मोबाईल पुढं धरला.

"आजोबा, हे तुम्ही लिहिलंय?"

'तिसऱ्या चंद्राची माणसं'. खाली प्रस्तावना. खाली माझं नाव, शेवगाव, जानेवारी २००९.

"आमच्या हॉस्टेलवर सगळ्या ह्या कादंबरीच्या मागं वेड्या आहेत," ती म्हणाली. "आणि ही प्रस्तावना म्हणजे जोक आहे. कुणाचा वाढदिवस असला की मोठ्यानं वाचतात. ते कोयत्याच्या पात्यावरचं वाक्य सगळ्यांना पाठ आहे."

"मग?" मी विचारलं.

"मग मैत्रिणी म्हणाल्या, कातोरे, तुझ्या गावचेच आहेत, नात्यातले का?" ती खाली बघत होती. "मी नाही म्हणाले. आडनावबंधू असतील म्हणाले."

मी तिच्यावर रागावलो नाही. रागवायला तोंड कुठं होतं? माझ्या मांडीवर बसून बाराखडी शिकलेल्या पोरीनं मला ओळख दिली नाही, आणि तिचं बरोबर होतं.

ती गेल्यावर मी दिवाळी अंकांच्या मागून ते पुस्तक काढलं. पानं पिवळी पडली होती. प्रस्तावना ओलांडली आणि पहिलं पान वाचलं. ते इथं उतरवतो:

"तिसऱ्या चंद्रावर वजन फार कमी. जे बांधलं नाही ते आभाळात निघून जातं. म्हणून तिथली माणसं सगळं बांधतात. घरं, भांडी, म्हातारी माणसं, लेकरं. प्रत्येक घराची गाठ वेगळी. चेहरा विसरला तरी चालेल, गाठ विसरलेली चालत नाही. आणि कुणी बांधून दिलेलं गाठोडं न सोडता परत करणं याच्याएवढा अपमान तिथं दुसरा नाही. तू मला दिसलाच नाहीस, असा त्याचा अर्थ होतो."

दोन दिवस मी वाचत होतो. पुष्पावतीनं दोनदा जेवायला हाक मारली. त्या कादंबरीत कुणी रडगाणं गात नाही. माणसं भांडतात, लग्नं लावतात, वाऱ्यावर निघालेलं एक अख्खं गाव दोरीनं परत ओढून आणतात. शेवटाकडं ती म्हातारी स्वतःची दोरी सोडते आणि लेकाला सांगते, आता मला बांधू नकोस. तिथं मी चष्मा काढून ठेवला. चाळीस वर्षं पुस्तकांवर बोलत आलेला मी, एवढं चांगलं पुस्तक महिनाभर टेबलाखाली ठेवून त्याला पाय लावत बसलो होतो. आणि पुस्तक चांगलं निघालं म्हणून मला लाज वाटत होती, वाईट निघालं असतं तर कदाचित वाटलीही नसती, हे कळलं तेव्हा आणखी वाटली.

तिसऱ्या दिवशी सकाळी मी कानिफच्या दुकानात गेलो. हातात मोबाईल होता. आवाज कमी येतो, असं सांगायचं ठरवून गेलो होतो. म्हणजे बघा, पंधरा वर्षांनी माफी मागायला निघालेला माणूसही निमित्त घेऊनच निघाला.

कानिफनं मला बघितलं आणि स्टूल पुसून पुढं केलं. डोक्याचे केस पांढरे व्हायला लागलेत त्याच्या. मान तशीच तिरकी. "या सर. मीच येनार हुतो तुमच्याकडं."

"का रे?"

"ते पुस्तक पुन्याचे प्रकाशक नव्यानं काढत्यात. मोठं, चित्रांसगट." त्यानं माझा मोबाईल उघडायला घेतला होता. बारीक स्क्रू चुंबकावर ठेवत तो बोलत होता. "ते म्हनत्यात प्रस्तावना काढा. मी म्हनलं, सरांना इचारल्याबिगर मी काय काढनार न्हाई. म्हनून इचारतो. काढू का?"

एवढ्या वर्षांचं वाक्य होतं, ते एकदम बाहेर पडलं. "कानिफ, मी ती वही वाचली नव्हती. न वाचता लिहिलं."

तो स्क्रू फिरवत राहिला.

"व्हय सर. मला म्हाईत हाय."

"कधीपासून?"

"तवाच कळलं. वही घरी आनली त्या दिशी." त्यानं पेचकस खाली ठेवला. "ती पट्टी आईनं बांधली हुती ना. मोळीला देत्यात तसा पीळ. दोन वेढं आन टोक डाव्या अंगानं आत. आमच्या टोळीत डाव्या अंगानं ती एकटीच खोचायची. घरी आल्यावर म्हनली, बघू सरांनी कशी बांधलीय. बघती तर तिचीच गाठ. म्हनली, आरं कानिफ, ही तर मीच बांधलेली हाय, कुनी सोडलीच न्हाई."

शेजारी रसवंतीचा घुंगरू वाजत होता.

"मग तू काय म्हणालास?"

"म्हनलं, न्हाई आई, सरांनी सोडली, वाचली आन परत तशीच बांधली. सरांना येती आपली मोळी. ते बी लहानपनी तोडीला गेल्ते, म्हनलं." तो थोडा हसला. "लई खूश झाली सर ती. वस्तीवर सांगत सुटली, कानिफचे सर आपल्यातलेच हायेत."

तेव्हा मला पंचायत समितीचं सभागृह आठवलं. तुमी बी तोडीला गेल्ता म्हनं. आणि माझं ते टाळीचं उत्तर. आणि तिनं उलटेपालटे करून बघितलेले माझे हात. ज्या बाईनं आयुष्यभर कोयता धरला, तिला ह्या हातांवरून काही कळलं नसेल? मला तर वाटतं तिला सगळं कळलं, आणि लेक आपल्यासाठी खोटं बोलतोय म्हणून तीही गप्प राहिली. हे मी कानिफला बोललो नाही. तेवढी अक्कल त्या क्षणी राहिली होती.

"म्हनून मग प्रस्तावना ठेवली," तो सांगत होता. "काढली असती तर आई इचारनार, का काढली. मोबाईलवर टाकली तवा बी ठेवली. ज्योती तिला रोज वाचून दाखवायची. पयल्या दिवशी आई म्हनली, आदी सरांचं वाच. पोरं हसायची त्याला, मला दिसायचं. पन काय करनार?"

"आणि नऊ वर्षं लिहिलं का नाहीस?"

"सगळे म्हनायचे ऊसतोडीवर लिही. मला ते लिहायचं नव्हतं. आन दुसरं कायबी लिहिलं असतं तर आई म्हननार, सरांना दाखव." त्यानं माझा मोबाईल बंद करून माझ्या हातात दिला. "आई गेल्या साली गेली. आता काढली तर चालंल का, सर?"

चांगुणाबाई गेल्याचं मला माहीत नव्हतं. सात मिनिटांवर राहून माहीत नव्हतं. मी म्हणालो, काढ. मग म्हणालो, "त्या जागी मी खरं काय ते लिहून देतो. दोन पानं. मी न वाचता लिहिलं, हे माझ्या सहीनं छापून येऊ दे."

त्यानं मान हलवली. "नको सर. पुस्तक आईला अर्पन केलंय. तिच्या पुस्तकात तिला खोटं कशाला पाडायचं? दुसरीकडं कुटंबी लिहा. तिथं नको."

म्हणजे माफी मागायची जागाही मला मिळाली नाही. मी उठलो. त्यानं काउंटरखालून एक गठ्ठा काढला. आता प्रिंट काढलेले कागद होते, पण पट्टी तीच. हिरवा काठ विटला होता. दोन वेढे, टोक डाव्या अंगानं आत.

"नवी हाय. चौथी," तो म्हणाला. "प्रस्तावना नको. नुसती वाचा."

"मला का देतोस रे?" मी न राहवून विचारलं.

"बी. ए.ला असताना वाचनालयात दोनच पुस्तकं मिळायची. तुमी माझ्या कार्डावर सही करून पाच करून दिली हुती." मला हे अजिबात आठवत नव्हतं. अजूनही आठवत नाही. सही केली असेल, बोलताबोलता, न बघता.

घरी आणून गठ्ठा टेबलावर ठेवला. टेबलाखाली नाही. पट्टीचं टोक ओढलं आणि पीळ एका झटक्यात सुटला, इतकं सोपं होतं ते. चार दिवस वाचली. समासात पेन्सिलीनं जिथं अडखळलो तिथं खूण केली, जिथं आवडलं तिथं लिहिलं. मग परत बांधायला बसलो. दोन वेढे घेतले, टोक आत घातलं, उचललं की कागद घसरले. पुष्पावतीनं करून बघितलं, तिलाही येईना. वृषालीला व्हिडिओ कॉल केला. म्हटलं, "बाई, तुझ्या आडनावबंधूला मदत कर." ती आधी हसली आणि मग रडायला लागली. गाठ तिलाही सांगता आली नाही.

शेवटी कागद कापडी पिशवीत घातले, वर ती पट्टी घडी करून ठेवली आणि दुकानात गेलो. गिऱ्हाईक होतं. कानिफनं गिऱ्हाईकाला थांबवलं आणि पिशवीत हात घातला. कागदांना हात लावायच्या आधी त्यानं पट्टी बाहेर काढली आणि दोन्ही हातांत ताणून धरली. ती मोकळी होती. तो तिच्याकडं बघत राहिला आणि त्याचा चेहरा फुलला, परीक्षेत पहिला आल्यावर पोराचा फुलतो तसा.

"सोडली, सर," तो म्हणाला.

एवढंसं काम होतं ते. तेवढ्यावर हा माणूस इतका खूश झाला, याची मला सगळ्यात जास्त लाज वाटली.